वाचक विचारतात : भूमिका एकच, की उरलेलं रीळ एकच?

गेल्या अंकात दादासाहेब फाळके यांच्या ‘काळियामर्दन’ या मूकपटात बाळकृष्ण झालेली त्यांची मुलगी मंदाकिनी हिच्यावर अर्ध्या पानाचं टिपण होतं. टिपण अर्ध्या पानाचं आणि पत्रं पिशवीभर, असं झालं. सारखे प्रश्न एकत्र केले आहेत. चित्रपटाच्या इतिहासातले आणि प्रत्यक्ष फितीवर काम करणारे, अशा दोन्ही जाणकारांनी मिळून ही उत्तरं दिली आहेत.

प्रश्न : मंदाकिनी एकाच भूमिकेमुळे लक्षात राहिली असं तुम्ही लिहिलंत. पण ‘श्रीकृष्ण जन्म’मध्येही तीच होती ना? आणि ‘काळियामर्दन’ सुरू होताना ती मुलगी नुसतीच चेहऱ्यावरचे भाव का दाखवत बसते? (एक वाचक, पंचवटी)

भूमिका एक, चित्रपट दोन. १९१८च्या ‘श्रीकृष्ण जन्म’मधला छोटा कृष्णही तीच. हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीचा तो पहिला चित्रपट. पण त्याच्या ५,५०० फुटांपैकी ५७६ फूट आज शिल्लक आहेत, म्हणजे पुरती दहा मिनिटंही नाहीत. १९१९चा ‘काळियामर्दन’ ६,००० फुटांचा होता आणि त्यातले ४,४४१ फूट पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहेत. चारातले जवळजवळ तीन हिस्से वाचले. त्या काळातल्या चित्रपटाच्या मानाने ही चैनच. म्हणून मंदाकिनी म्हटलं की ‘काळियामर्दन’. ज्यांना आपण ‘एकाच भूमिकेचा नट’ म्हणतो त्यांच्या बाबतीत हा हिशेब आधी करावा : भूमिका एकच होती, की रीळ एकच उरलं?

आता ते भाव. आधी अक्षरं येतात : सात वर्षांच्या मुलीने केलेला मुद्राभिनय, अशा अर्थाची. मग साध्या वेशातली मुलगी, चेहरा अगदी जवळून. एकेक भाव चेहऱ्यावर आणते, पुसते, दुसरा आणते. आणि मग तोच चेहरा विरत जाऊन त्याच जागी मुकुट घातलेला कृष्ण उभा राहतो. आजच्या प्रेक्षकाला हा भाग कथेबाहेरचा वाटतो आणि बरेच जण तो पुढे ढकलतात. तसं करू नका. वडिलांनी मुलीचं कौतुक केलंय हे खरंच आहे, पण त्याचबरोबर प्रेक्षकाला बजावलंय की आता जो कृष्ण बघाल तो नट आहे, त्याचं काम बघा. सहा वर्षांपूर्वी ‘राजा हरिश्चंद्र’मधल्या तारामतीसाठी बाई मिळत नव्हती म्हणून पुरुषाला लुगडं नेसवावं लागलं. इथे मुलगी मुलगा झाली आहे, आणि ते लपवलेलं तर नाहीच, उलट मिरवलंय.

चेहरा विरत जाण्याचा हा प्रकार त्या काळी कॅमेऱ्यातच करत. कॅमेऱ्याला हँडल असे. एका फेऱ्यात आठ चौकटी (फितीवरची एकेक स्थिर चित्रं), सेकंदाला दोन फेरे. दोन सेकंदांचा बदल हवा तर चार फेरे, म्हणजे ३२ चौकटी, म्हणजे दोन फूट फीत. पहिल्या दृश्याच्या शेवटच्या चार फेऱ्यांत भिंगाचं छिद्र हळूहळू बंद करत आणायचं. भिंग झाकून तेच चार फेरे उलटे फिरवायचे. नटाने वेश बदलून यायचं, डोकं पहिल्या खुणेवर तंतोतंत ठेवायचं. मग छिद्र उघडत उघडत चार फेरे पुढे. एक फेरा चुकला की अर्धा फूट फीत एक तर काळी राहते, नाहीतर दुप्पट उजेडाने पांढरी पडते. आणि हे कळतं फीत धुतल्यावर! सात वर्षांच्या मुलीला वेश बदलून पुन्हा त्याच खुणेवर स्थिर उभं करायचं, हे काम तिच्याइतकंच हँडल फिरवणाऱ्याचंही आहे.

प्रश्न : इंटरनेटवर ‘काळियामर्दन’ पाहिला. सगळे तुरुतुरु पळतात, कृष्णाचं नाचणंसुद्धा गडबडीचं वाटतं. जुन्या काळी अभिनयच असा होता का? (एक वाचक, नाशिकरोड, सातपूर आणि सिन्नरहूनही हाच प्रश्न)

अभिनयाचा दोष नाही, वेगाचा आहे. मूकपट साधारण सेकंदाला १६ चौकटींच्या वेगाने टिपला जाई. बोलपट आले आणि २४चा वेग ठरला. १६ने टिपलेलं २४ने दाखवलं की माणूस दीडपट वेगाने चालतो.

तुमची प्रत कोणत्या वेगाची आहे ते घरी काढता येतं. ३५ मिलीमीटरच्या फितीत एका फुटात १६ चौकटी बसतात. म्हणजे १६च्या वेगाला एक फूट बरोबर एक सेकंद. ४,४४१ फूट म्हणजे ४,४४१ सेकंद, ७४ मिनिटं. १८च्या वेगाला तीच फीत सुमारे ६६ मिनिटांत संपते आणि २४ला ४९ मिनिटांत. तुमच्या प्रतीची लांबी बघा. पन्नाशीच्या आत-बाहेर असेल तर ती २४ने चढवलेली आहे. (पुढे-मागे नवी नामावली जोडली असेल तर तेवढी मिनिटं वजा करा.)

उपाय सोपा. यूट्यूबवर प्लेबॅक स्पीड ०.७५ केला की १८चा वेग मिळतो. कृष्णाचं नाचणं तेवढ्यानेच जमिनीवर येतं. संगणकावर व्हीएलसी असेल तर उघडणाऱ्या चौकोनी कंसाची कळ तीनदा दाबा. वेग ०.७० होतो, म्हणजे जवळपास १७. त्याहून खाली गेलात तर हालचाल धक्के खात पुढे सरकते, कारण पडद्याला चौकट पुन्हा पुन्हा दाखवावी लागते. वेग कमी केला की जोडलेलं संगीत रडतं. ते बंदच करा, ते मूळचं नाहीच. एका वेगावर अडून मात्र बसू नका. हँडल हाताने फिरायचं, हात कधी भरभर चाले, कधी दमे. पाणी भरणारी, दार उघडणारी, पायऱ्या उतरणारी माणसं बघायची. ती नैसर्गिक वाटली की वेग जमला. मारामारीवरून वेग ठरवू नये.

दुसरी चूक टीव्हीवर होते. मूकपटाची चौकट चारास तीन. आताचा टीव्ही ती ओढून रुंद करतो आणि यशोदा, नंद, गवळणी सगळे एक तृतीयांशाने जाड होतात. रिमोटवर चित्राचा आकार ४:३ करा. दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या येतील, त्या हव्यातच. काही प्रतींत डावीकडची माणसं अर्धी कापलेली दिसतात. त्याला टीव्ही जबाबदार नाही. मूकपटात चित्र फितीच्या पूर्ण रुंदीवर असे. बोलपटात एका कडेची जागा आवाजाच्या पट्टीने घेतली. मूकपटाची प्रत बोलपटाच्या यंत्रावर काढली की ती कड जाते.

चित्र वर-खाली उडतं त्याची कारणं दोन. फीत काळाने आकसते, आणि तेव्हा कच्ची फीत छिद्रांशिवाय यायची, छिद्रं घरी पाडावी लागत. दादासाहेबांच्या पत्नी सरस्वतीबाई अंधारात बसून हे काम करत. छिद्रामागे केसभर फरक पडला तरी पडद्यावर तो हातभर दिसतो. इतकी फीत पाडूनही चित्र एवढंच उडतं, हे उलट त्यांच्या हाताचं कसब म्हणायला हवं.

प्रश्न : शाळेच्या स्नेहसंमेलनात ‘काळियामर्दन’चा देखावा करून जुन्या पद्धतीचा फोटो काढायचा आहे. फोटो कृष्णधवल केला तरी तसा दिसत नाही. कृष्णाला निळा रंग लावला होता. (एक शिक्षिका, सिडको)

गडबड त्या निळ्या रंगातच आहे. त्या काळची फीत लाल रंगाला आंधळी होती. निळा उजेड तिच्यावर भरपूर उमटे, हिरवा बऱ्यापैकी, लाल जवळजवळ नाहीच. (म्हणूनच ती लाल दिव्याच्या उजेडात हाताळता येई.) परिणाम असा : निळं आकाश पांढरं फटक, लाल कुंकू काळं, लाल ओठ काळे, गोरा माणूस सावळा. आणि निळा कृष्ण? पांढरा! आजचा मोबाइल रंगीत फोटोचा साधा कृष्णधवल करतो तेव्हा तिन्ही रंगांना वाटा देतो, म्हणून तो फोटो ‘जुना’ न वाटता ‘रंग गेलेला’ वाटतो.

असं करा. कृष्णाला निळा रंग नको. मातकट तपकिरी किंवा राखाडीत थोडा तपकिरी मिसळून लावा, फोटोत तो सावळा येईल. ओठांना गडद लाल लावू नका, भोकासारखे काळे दिसतात. पुसट गुलाबी पुरे. पीतांबर पिवळाच ठेवा, तो अपेक्षेपेक्षा गडद येईल, येऊ द्या. फोटो रंगीत काढा आणि मग ज्या सॉफ्टवेअरमध्ये ‘चॅनल मिक्सर’ आहे त्यात मोनोक्रोम निवडून लाल ०, हिरवा ३५, निळा ६५ द्या. चेहऱ्यावरचे डाग फारच उठून आले तर लाल १०पर्यंत वाढवा आणि निळा तेवढा उतरवा. मोबाइलवर सोय नसेल तर ‘ब्लॅक अँड व्हाइट’मध्ये रंगानुसार उजळपणाच्या पट्ट्या असतात. तिथे लाल आणि नारिंगी खाली, निळी वर.

उजेड उन्हाचाच घ्या. सकाळी नऊच्या सुमाराला, मुलं पूर्वेकडे अर्धी वळवून, आणि सावलीच्या बाजूला पांढरी चादर ताणून धरायला दोघं. फाळक्यांच्या चित्रीकरणात सरस्वतीबाई असंच पांढरं कापड धरून उभ्या राहत. फ्लॅश मारलात तर सगळं मुसळ केरात. नागाचा फणा थर्मोकोलचा पांढराफेक ठेवू नका, निळा रंग दिला तरी तो पांढराच येतो. गेरूने रंगवा, झकास काळा येईल.

प्रश्न : तारामती झालेले साळुंके हे हॉटेलात आचारी होते ही नुसती दंतकथा आहे का? त्यांनी दुसरी कुठलीच भूमिका केली नाही का? ‘पहिली नायिका’ त्यांना म्हणायचं की कमलाबाईंना? (एक वाचक, मेनरोड, दोन वाचक, देवळाली)

अण्णा साळुंके मुंबईत ग्रँट रोडच्या एका उपाहारगृहात काम करत होते आणि तिथेच ते फाळक्यांच्या नजरेत भरले, हे सगळ्या चरित्रांत आहे. दहा रुपये मिळत होते, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. बारीक बांधा आणि नाजूक हात बघून निवड झाली. स्त्री-भूमिका करणाऱ्या पुरुषांचा अडसर मिशीचा होता. बाप असताना मिशी उतरवायची नाही, ही समजूत. त्यासाठी फाळक्यांना बऱ्याच मिनतवाऱ्या कराव्या लागल्या.

भूमिका मात्र त्यांची एक नाही. १९१७च्या ‘लंकादहन’मध्ये त्यांनी राम आणि सीता दोन्ही केले. कथानकच सोयीचं : राम किष्किंधेकडे, सीता अशोकवनात. दोघांना एका चौकटीत आणायची वेळ फारशी येत नाही. लुगडं सोडून धनुष्य हातात घेतलं की झालं. सीतेच्या दंडातली बेटकुळी दिसते असं लोक म्हणत, पण म्हणत म्हणतच पुन्हा तिकीट काढत. शिवाय १९१७मध्ये ‘हरिश्चंद्र’ पुन्हा चित्रित झाला तेव्हाही तारामती तेच होते. पुढे ते कॅमेऱ्यामागेही गेले. तेव्हा ‘एका भूमिकेचा नट’ हा शिक्का त्यांच्यावर सर्वांत चुकीचा बसलेला आहे. हरिश्चंद्र झालेले दत्तात्रय दामोदर दाबके आणि विश्वामित्र झालेले गजानन वासुदेव साने यांचीही ओळख त्याच एका चित्रपटापाशी अडकली. रोहिदास म्हणजे फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. पडद्यावर मरणाऱ्या मुलाचं काम करायला दुसऱ्या कुणी आपलं पोर दिलं नाही.

नायिकेचं म्हणाल तर शब्द नीट वापरले की भांडण मिटतं. पडद्यावरची पहिली नायिका तारामती, ती साकारणारा पुरुष. चित्रपटात काम करणाऱ्या पहिल्या स्त्रिया दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमलाबाई. ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये आई पार्वती, मुलगी मोहिनी. आणि तो चित्रपट नाशकात तयार झाला, हे आपण पुरेसं सांगत नाही. कमलाबाई पुढे गोखले झाल्या. चंद्रकांत गोखले त्यांचे पुत्र, विक्रम गोखले नातू.

एक सावधगिरी. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कोरोनेशनमध्ये लागला. (२१ एप्रिलचा ऑलिंपियातला खेळ निमंत्रितांसाठी होता.) लांबी चार रिळं, ३,७०० फूट. आज उरलेत पहिलं आणि शेवटचं रीळ मिळून १,४७५ फूट, आणि ते १९१३चे की १९१७च्या पुनर्निर्मितीचे, यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. हौदावर सख्यांबरोबर असलेल्या तारामतीचं चित्र छापताना खाली ‘१९१३’ असं ठोकून देऊ नका. ‘राजा हरिश्चंद्र, उपलब्ध प्रत’ एवढं लिहा. तसंच ‘४० मिनिटांचा चित्रपट’ हा आकडाही जपून वापरा. ३,७०० फूट २४च्या वेगाने ४१ मिनिटं होतात. १६च्या वेगाने तासाहून थोडा जास्तच.

प्रश्न : स्मरणिकेत ‘काळियामर्दन’मधलं चित्र छापायला परवानगी लागते का? (एक वाचक, इंदिरानगर)

चित्रपटाचा कॉपीराइट प्रदर्शनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं. १९१९च्या चित्रपटाचा तो अगदी उशिरात उशिरा धरला तरी १९७९ संपताना संपला. चौकट छापायला हरकत नाही. मात्र नंतर कुणी जोडलेलं संगीत, निवेदन किंवा नवी नामावली यांचे हक्क वेगळे, ते घेऊ नका. संग्रहालयाकडून चांगली प्रत मागवलीत तर त्यांचं शुल्क आणि श्रेयनामाचे नियम पाळावे लागतात.

प्रश्न : मुलांना फाळक्यांशी संबंधित काय दाखवता येईल? (एक पालक, गंगापूर रोड)

पांडवलेणीच्या पायथ्याचं फाळके स्मारक आहेच, पण नुसतं बागेत फिरवून आणू नका. आदल्या रात्री ‘काळियामर्दन’ची पहिली दहा मिनिटं ०.७५ वेगाने दाखवा आणि मग न्या. जन्मगाव त्र्यंबकेश्वर. जन्म ३० एप्रिल १८७०चा, मृत्यू १६ फेब्रुवारी १९४४चा आणि तोही नाशकात. मोठ्या मुलांना सार्वजनिक वाचनालयात न्या. १८४०ची संस्था आहे, जुने अंक कसे मागायचे हे त्यांना एकदा कळू द्या.

प्रश्न : आमचे पणजोबा फाळक्यांच्या सिनेमात राक्षस झाले होते असं घरात सांगतात. नाव कुठेच सापडत नाही. कसं शोधावं? (एक वाचक, भगूर)

आधी काळ जुळवा. फाळक्यांचा नाशकातला कारभार १९१३पासून सुरू झाला आणि हिंदुस्थान कंपनी १९१८पासून १९३०च्या दशकाच्या सुरुवातीपर्यंत चालली. पणजोबा तेव्हा किती वर्षांचे होते आणि कुठे राहत होते, एवढं कागदावर मांडा. घरात जर ‘त्यांचा एक संवाद होता’ असं सांगत असतील तर थांबा. ‘सेतुबंधन’ १९३२मध्ये मूकपट म्हणून झाला, आवाज नंतर चढवला गेला. बोलपट म्हणून त्यांनी केलेला ‘गंगावतरण’ १९३७चा आणि तो कोल्हापूर सिनेटोनचा. संवाद होता म्हणजे पणजोबा कोल्हापूरला गेले होते का, ते विचारा.

मग नावाची सगळी रूपं लिहून काढा. साळुंके कुठे साळुंखे होतात, कुठे आडनाव गळून नुसते ‘अण्णा’ उरतात, इंग्रजीत तर एका आडनावाची चार स्पेलिंगं. टोपणनाव, वडिलांच्या नावासकट पूर्ण नाव, नुसती आद्याक्षरं, सगळी हवीत.

कागदपत्रांकडून काय मिळेल आणि काय नाही हे माहीत असलं की हेलपाटे वाचतात. वर्तमानपत्रातल्या जाहिरातीत चित्रपट, कंपनी, रिळं आणि खेळाच्या वेळा असतात. राक्षसाचं नाव नसतं. सेन्सॉर १९२०पासून, त्यांच्या नोंदीत नाव, निर्माता, लांबी. नट नाहीत. ‘नवयुग’ मासिकात १९१७-१८मध्ये फाळक्यांनी भारतीय चित्रपटांवर लेख लिहिले आणि १९२७-२८च्या चित्रपट चौकशी समितीपुढे त्यांची साक्ष झाली. काम कसं चाले हे तिथून कळतं, कोण होतं हे क्वचित. म्हणून खरा पुरावा बहुधा घरातच असतो : पगाराची चिठ्ठी, कंपनीचं कागदावरचं शीर्षक, ग्रुप फोटो.

ग्रुप फोटो सापडला तर पुढची आणि मागची, दोन्ही बाजू ६०० डीपीआयला स्कॅन करा. फोटोग्राफरचा शिक्का मागेच असतो. मागे लिहायचं तर मऊ शिसपेन्सिलीने, बॉलपेनने नको, दुसऱ्या बाजूला वळ उठतात. चिकट पानांच्या अल्बममध्ये लावू नका. चेहरा पडद्यावरच्या चौकटीशी ताडताना नाक-मिशीवर विसंबू नका, राक्षसाला दाढी-मिशी लावलेलीच असायची. कान बघा. कानाची पाळी गालाला चिकटलेली आहे की सुटी, वरची कड कशी वळते, हे टोप आणि रंगाखालीही ओळखू येतं. मात्र हलत्या माणसाची चौकट पुसट येते, तेव्हा तो क्षणभर थांबतो ती चौकट निवडा.

आणि एक शक्यता मनात ठेवा. कंपनीत माणसं महिन्याच्या पगारावर असत, एकाच माणसाला चार कामं असत. ‘हरिश्चंद्र’च्या वेळी साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक सरस्वतीबाईंकडे होता, यावरून पसारा कळावा. पणजोबा सुतार, रंगारी किंवा सामानवाले असतील आणि गर्दी कमी पडली म्हणून एक दिवस त्यांना शिंगं लावली असतील. त्यामुळे घरातली गोष्ट खोटी ठरत नाही. शोधायचं खातं तेवढं बदलतं.

प्रश्न : जुन्या वाड्याच्या माळ्यावर गंजलेला गोल पत्र्याचा डबा मिळाला, आत सिनेमाची फीत आहे. प्रोजेक्टरवाला ओळखीचा आहे. लावून बघू का? (एक वाचक, जुनं नाशिक)

नाही. आधी हे वाचा, मग डब्याला हात लावा.

फितीची रुंदी मोजा. १६ मिलीमीटर असेल तर ती बहुधा सेफ्टी फिल्म, म्हणजे सहज न पेटणारी फीत, जीवाला धोका नाही. ३५ असेल आणि १९५०च्या आसपासची किंवा आधीची असेल तर ती नायट्रेट, म्हणजे चटकन पेटणारी जुनी फीत आहे असं धरूनच चाला. कडेला ‘नायट्रेट’ किंवा ‘सेफ्टी’ अशी इंग्रजी अक्षरं असतात, पण प्रतीवरून प्रत काढताना मूळची अक्षरंही उमटतात, म्हणून ‘सेफ्टी’ दिसलं तरी निर्धास्त होऊ नका. आंबट, व्हिनेगरसारखा वास आला तर ती ॲसिटेट, म्हणजे सेफ्टीच. तीही नासते आहे, पण भडकत नाही.

नायट्रेट एकदा पेटली की स्वतःच प्राणवायू सोडते. पाणी, वाळू, गोधडी कशाने विझत नाही, धूरही विषारी. पेटली तर विझवायला जाऊ नका, बाहेर पडा आणि अग्निशमन दलाला बोलवा. चांगल्या स्थितीतली फीत पेटायला दीडशे अंशांच्या वर उष्णता लागते, पण नासत आलेली फीत चाळीस अंशांच्या उन्हाळ्यात बराच काळ राहिली तर आपोआपही पेटू शकते. मे महिन्यात पत्र्याखालच्या माळ्यावर किती तापतं ते तुम्हाला सांगायला नको. जानेवारी २००३मध्ये पुण्यात नायट्रेटच्या साठ्याला आग लागून जुने चित्रपट कायमचे गेले. तिथे तर जपणारी माणसं होती.

अंगणात, सावलीत, उदबत्ती-निरांजनापासून दूर डबा उघडा. नाकाशी धरू नका. चित्र फिकं आणि फीत पिवळसर असेल तर वेळ आहे. वेटोळी एकमेकांना चिकटली असतील तर वेळ थोडा आहे. वर मधासारखे बुडबुडे किंवा फेस दिसला तर उलगडायचा प्रयत्नही नको. तपकिरी भुकटी झाली असेल तर चित्र गेलं, आगीचा धोका राहिला.

वरच्यावर सुटं टोक असेल तर दहा चौकटींची लांबी पट्टीने मोजा. नवी फीत १९० मिलीमीटर भरते. १८८ भरली म्हणजे एक टक्का आकसली. मग साध्या प्रोजेक्टरचे दाते छिद्रं फाडत जातील. तुमचा ओळखीचा माणूस कितीही हुशार असला तरी दाते त्याचं ऐकत नाहीत. शिवाय दिव्यासमोर फीत अडकली की पेटायला क्षण पुरतो.

डब्याचे चारही बाजूंनी, कडेच्या अक्षरांचे आणि सुट्या टोकावरच्या दोन-तीन चौकटींचे फोटो काढा. चौकट उजेडाकडे धरून मागून फोटो घेतला तर चेहरे ओळखू येतात. रबरबँड, कागद, चिकटपट्टी आत असेल तर काढून टाका, पण चिठ्ठी असेल तर जपा. त्यावरचं एखादं नाव फितीइतकंच मोलाचं असू शकतं. झाकण हवाबंद करू नका, वायू कोंडला की नासणं वाढतं. डबा घरातल्या सर्वांत थंड, हवेशीर, जमिनीलगतच्या जागी, लाकूड-कपड्यांपासून लांब ठेवा. फ्रिजमध्ये नको, तिथलं दमट वातावरण आणि अन्न दोन्ही आड येतं.

मग पुण्याला लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला फोटो, मोजमाप आणि अंदाजे वजन कळवा, आणि डबा कसा हलवायचा हे त्यांनाच ठरवू द्या. एसटीत, रेल्वेत किंवा कुरिअरने पाठवू नका. उत्तर येईपर्यंत दर आठवड्याला झाकण उघडून वास आणि बुडबुडे बघा, आणि तारीख घालून वहीत लिहा.